फायरमनची नोकरी सांभाळून 'सासुके'सारख्या अडथळ्यांच्या शर्यतीत वर्षानुवर्षं टिकता येतं का?

प्रश्न: मी नगरपालिकेच्या अग्निशमन दलात फायरमन आहे, वय 31. जपानच्या 'सासुके'मध्ये तोशिहिरो ताकेदा नावाचा फायरमन कित्येक वर्षं उतरायचा, त्याच्या क्लिप पाहिल्या. आमच्या कामाचा अशा शर्यतीत किती उपयोग होतो? आणि ड्युटी सांभाळून तयारी कशी करायची?

उत्तर:

उपयोग अर्धा होतो. पाय, पाठ आणि दम तुम्हाला नोकरीतून मिळतो. बोटं मिळत नाहीत, आणि 'सासुके'चा निकाल शेवटी बोटांवरच लागतो. तयारी आखताना एवढं डोक्यात ठेवलंत की बाकीचं जुळवता येतं.

ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. 'सासुके' ही टीबीएस वाहिनीवरची शर्यत 1997 साली सुरू झाली. जगभर 'निंजा वॉरियर' नावाने जे कार्यक्रम निघाले ते सगळे हिच्यापासून. योकोहामाच्या मिदोरियामा स्टुडिओच्या आवारात अडथळे उभे करतात, शंभर स्पर्धक असतात, चार टप्पे असतात. पाण्यात पडलात की बाद, आणि आधी सराव करू देत नाहीत. पूर्ण शर्यत जिंकणारे 2020 पर्यंत चारच जण झाले: आकियामा, नागानो, उरुशिहारा आणि मोरिमोतो. ताकेदा गिफू प्रांतातला फायरमन. 1990 च्या दशकाच्या शेवटी तो आला आणि 2012 मध्ये 'ऑल-स्टार' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जुन्या नामवंत स्पर्धकांनी निरोप घेतला तोवर खेळत राहिला. तो जिंकला कधीच नाही, तरी मला त्याची कारकीर्द जिंकणाऱ्यांइतकीच मोठी वाटते. आग विझवायची नोकरी करणारा माणूस दहा-बारा वर्षं त्याच जीवघेण्या कोर्सवर उभा राहतो, ही सोपी गोष्ट नाही.

जपानी फायरमनना एक फायदा आधीपासून असतो. तिथे 1972 पासून अग्निशमन दलांची राष्ट्रीय बचावकौशल्य स्पर्धा भरते. तिच्यात 15 मीटरची उभी शिडी चढणं असतं, आणि 20 मीटरचा आडवा दोर पार करून परत येणं असतं. जाताना दोरावर पोटावर झोपून, एक पाय खाली लोंबता ठेवून सरकायचं, येताना दोराखाली माकडासारखं लटकत यायचं. पहिल्या काही 'सासुके'मध्ये अखेरचा टप्पा म्हणजे 15 मीटरचा दोर 30 सेकंदांत चढणं होता. तेव्हा उंची आणि दोर या दोन्हींची भीती त्यांची ड्रिलमध्येच मोडलेली असते. तुमच्याकडे ड्रिल टॉवर (सरावाचा मनोरा) आणि दोर असेल तर तोच सराव तुम्हालाही मिळू शकतो.

आता टप्प्यांकडे येऊ. पहिल्या टप्प्यातच शंभरातले बहुतेक पाण्यात जातात. फायरमन इथे ज्या चुकीमुळे पडतो ती त्याच्या चांगल्या सवयीतून येते. धुरात आपण पाऊल चाचपून टाकतो, जमीन वजन पेलते का ते पाहतो आणि मग अंगाचा भार देतो. हलत्या फळीवर किंवा फिरत्या ओंडक्यावर असं चाचपलंत की वेग मरतो आणि तोल जातो. तिथे पुढच्या पावलाची जागा डोळ्यांनी आधीच ठरवायची आणि न थांबता निघायचं. यासाठी महागडं काही लागत नाही. जमिनीवर एकाआड एक सात-आठ ट्रकचे टायर ठेवा, दोन-तीन टायर मुद्दाम डुगडुगते ठेवा आणि थांबायचं नाही एवढाच नियम लावा. पाय मुरगळू नये म्हणून सुरुवातीला वेग निम्मा ठेवा.

पहिल्या टप्प्यातली वाकडी भिंत 2000 च्या सुमारास आली. उंची साधारण 5 मीटर, खालून वक्र, वर सरळ. लोक ताकदीने चढायला जातात आणि घसरतात. मुद्दा असा की वक्र भागावर अंग नेहमी त्या ठिकाणच्या पृष्ठभागाला काटकोनात हवं. पुढे झुकलात तर बूट सुटतो. वक्रावर तीन-चार छोटी, झपझप पावलं टाका, हात खाली झुलते ठेवा आणि वेग संपत आला की मगच वर झेप घ्या. घाईने हात वर टाकणाऱ्याची बोटं कडेला टेकतात पण पकड बसत नाही. घरी बांधायची असेल तर 12 मिलिमीटरचा प्लाय आणि सागवानी किंवा लोखंडी फासळ्या, सुरुवातीला उंची 3 मीटर, खाली जाड गादी. बुटाचा तळ सपाट आणि मऊ रबराचा घ्या. ड्युटीचे गमबूट घालून चढायला जाऊ नका.

दुसऱ्या टप्प्यात तुमचं राज्य आहे. शेवटी भिंत उचलायची असते: 30, 40 आणि 50 किलोच्या तीन भिंती, एकामागून एक, तेही हात आधीच थकलेले असताना. पडलेल्या माणसाला उचलता तसंच: पाठ ताठ, कंबर भिंतीच्या जवळ, हात सरळ आणि जोर मांड्यांचा. दंडांनी ओढून उचलायला गेलात तर तिसऱ्या भिंतीला हात उरणार नाहीत. त्याआधी दोन भिंतींमध्ये हातपाय दाबून चालायचं असतं. तिथे ओला बूट म्हणजे घात, म्हणून पहिला टप्पा संपताच तळवे आणि बूट कोरडे करा. आणखी एक: ग्लोव्ह्ज. आपण ड्युटीवर नेहमी ग्लोव्ह्जमध्ये असतो, त्यामुळे उघड्या हाताची सवय सुटते. या शर्यतीत कुठे ग्लोव्ह्ज चालतात आणि कुठे नाही याचे नियम कडक आहेत. जुना दिग्गज कात्सुमी यामादा दुसऱ्या टप्प्यात ते न काढल्यामुळे बाद झाला होता. सराव उघड्या हातानेच करा.

तिसरा टप्पा सगळ्यांत महत्त्वाचा. इथे वेळेचं बंधन नाही, पण जवळजवळ सगळं अंतर लटकून जायचं. क्लिफहँगर नावाच्या अडथळ्यात भिंतीवर सुमारे 3 सेंटिमीटरची पट्टी असते, तिच्यावरून बोटांच्या पेरांवर आडवं सरकायचं आणि मध्ये खालच्या-वरच्या पट्टीवर उडी मारायची. तुमचं वजन 80 किलो असेल तर नुसतं लटकताना ते सगळं आठ बोटांवर येतं. उडी मारून पट्टी पकडली की क्षणभर भार दुपटीकडे जातो. बी.ए. सेट (धुरात श्वास घ्यायचं हवेचं नळकांडं) पाठीवर घेऊन जिने चढणाऱ्याच्या मांड्या जाड होतात, ते वजनही इथे बोटांनाच वाहायचं असतं. म्हणून मी फायरमनना सांगतो की आणखी बैठका नकोत. पोटाभोवतीचे चार-पाच किलो उतरवा, पायाची ताकद कामातून आपोआप टिकते.

कोपरापासून मनगटापर्यंतचा भाग दगडासारखा का होतो? मूठ सतत आवळलेली असली की तिथला रक्तप्रवाह दबतो, ताजं रक्त आत येत नाही. म्हणून लटकताना पकड गरजेपुरतीच घट्ट ठेवायची आणि रुंद आधार मिळाला की एकेक हात खाली सोडून हलवून घ्यायचा. कोपरं वाकवून लटकू नका. हात सरळ आणि खांदे किंचित खाली ओढलेले. पूर्ण ढिले सोडलेत तर खांद्याच्या सांध्यावर ताण येतो.

सरावासाठी दाराच्या चौकटीवर 20 मिलिमीटर खोलीची लाकडी पट्टी लावा. कडा पॉलिश पेपरने गोल करून घ्या, नाहीतर कातडी फाटते. आधी पाय स्टुलावर टेकवून, वजनाचा निम्मा भार देऊन लटका: 10 सेकंद लटकणं, 3 मिनिटं विश्रांती, असे 5 वेळा. सहा ते आठ आठवडे एवढंच. मग स्टूल काढा. आठवड्यात दोनच दिवस, मध्ये किमान 48 तास. स्नायू दोन महिन्यांत तयार होतात, बोटांच्या कंडरा आणि त्यांना हाडाशी धरून ठेवणारे पट्टे फार सावकाश. ताकदवान फायरमन तिथेच मार खातो, कारण दंड म्हणतात जमेल आणि बोट तुटतं. बोटाच्या मुळाशी 'टक' आवाज आला, दाबलं की दुखतंय, असं झालं तर त्याच दिवशी थांबा. सहा आठवडे किंवा जास्त लटकणं बंद. अशा बोटाने होज धरायलाही तुम्ही अडाल, आणि तुमची बॅच तुमच्यावर अवलंबून असते.

झेप घेऊन बार पकडायच्या सरावाला एक इंची जी.आय. (जस्त चढवलेला लोखंडी) पाइप चालतो, बाहेरचा व्यास सुमारे 34 मिलिमीटर पडतो. हात मोठा असेल तर ठीक, लहान असेल तर आधी 25 ते 28 मिलिमीटरचा घ्या. अंतर 1 मीटरपासून सुरू करा.

ड्युटीचं गणित असं बसवा. जपानात बहुतेक दलांत पाळी 24 तासांची असते, तुमची 12 ची असो की 24 ची, नियम सारखाच. ड्युटीच्या दिवशी बोटांचं आणि उड्यांचं काहीच नाही. कॉल कधी येईल सांगता येत नाही, दमलेले हात घेऊन शिडीवर जाणं धोक्याचं. त्या दिवशी फक्त सांध्यांची हालचाल आणि हलके खांद्याचे व्यायाम. सुटल्यावर चार-पाच तास झोपा, मग हवं तर पायाच्या चपळाईचं काम. जड सराव पूर्ण झोप झालेल्या दुसऱ्या दिवशी. रात्री तीन कॉल झाले असतील तर तोही पुढे ढकला. आठवडा वाया गेला असं समजू नका.

ताटकळत वाट पाहण्याचाही सराव करा. 'सासुके'चं चित्रीकरण दिवसभर चालून रात्रीपर्यंत लांबतं आणि नामवंतांना शेवटचे क्रमांक देतात. झोपेतून उठून गाडीत चढायची तुम्हाला सवय आहे, पण बोटांना नाही. आपला क्रमांक यायच्या 30 मिनिटं आधी जागच्या जागी धावा, मग खांदे फिरवा, मग बारला पाय टेकून 10-10 सेकंदांचं लटकणं चार वेळा. हात पाण्यात घालून बसू नका, कातडी मऊ पडते.

आपल्याकडे याला पूरक चीज आहे ती दोरीचा मल्लखांब. दादरच्या श्री समर्थ व्यायाम मंदिरासारख्या ठिकाणी मुलं साडेपाच मीटरच्या दोरीवर जे करतात, त्यात पायाच्या अंगठ्यात आणि शेजारच्या बोटात दोरी पकडणं हाच गाभा असतो. अखेरच्या टप्प्यातला दोर चढताना हे फार कामी येतं, कारण पायाने दोर अडवला की हातांना अर्ध्या सेकंदाची उसंत मिळते. जुन्या शर्यतींतलं 30 सेकंदांत 15 मीटर म्हणजे सेकंदाला अर्धा मीटर, तेही थकलेल्या हातांनी. आधी 5 मीटर आरामात, मग 5 मीटर 10 सेकंदांत, मग एकदा उतरून लगेच दुसऱ्यांदा. ड्रिल टॉवरवर करत असाल तर हार्नेस आणि खाली दोर धरणारा साथीदार असल्याशिवाय नको, आणि वरिष्ठांची लेखी परवानगी आधी घ्या. उतरताना हातातून दोर सरकवू नका, तळव्याची कातडी भाजते. हाताखाली हात घेत, पायाने दोर अडवत उतरा.