मालदीवमध्ये न्याहारीला मासे आणि खोबऱ्याचा कुठला पदार्थ खातात? घरी जमेल का?

तो पदार्थ म्हणजे मास हुनी, आणि घरी सहज जमतो, कारण त्यात चुलीवर ठेवायचं काहीच नाही. त्या प्रवाळबेटांवर धान्य फारसं पिकत नाही. टूना (आपला कुपा) आणि नारळ मात्र मुबलक, म्हणून न्याहारीही त्यांचीच. बारीक चिरलेला कांदा, मिरची, मीठ आणि लिंबाचा रस आधी हाताने चुरून घ्या, अगदी कांद्याला पाणी सुटेपर्यंत. खरी चव इथेच येते. मग धुरावलेला टूना कुस्करून घाला, शेवटी ताजं खवलेलं ओलं खोबरं. सोबत रोशी, म्हणजे मैद्याची पातळ पोळी, आणि गोड कोरा चहा. डब्यातला टूनाही चालतो, फक्त तो घट्ट पिळून घ्या, नाहीतर खोबऱ्याचा लगदा होतो.