माळ्यावरची चित्रं लॅमिनेट करू का?

प्रश्न: माझे आजोबा साठ-सत्तरच्या दशकात दिवाळी अंकांसाठी चित्रं काढायचे. गिरगावातलं घर रिकामं करताना माळ्यावर ट्रंकेत त्यांची ओरिजिनल्स सापडली, शंभरेक तरी असतील. कडेला पेन्सिलीने काय काय खरडलंय, मागे शिक्के, सेलोटेप पिवळी पडलीय. शेजारचे काका म्हणतात कडा कापून लॅमिनेट करून टाक. करू का? आणि पुढेमागे छापायची झाली तर हक्क कोणाचा?

उत्तर: ताई, काकांना चहा पाजा पण ट्रंकेपासून लांब ठेवा. लॅमिनेशन एकदा केलं की निघत नाही, आणि आम्ही आर्काइव्हवाले जे परत काढता येणार नाही ते करतच नाही. कडेचं ते खरडलेलं म्हणजे ब्लॉकवाल्यासाठीच्या (चित्राचा छपाईचा ठसा बनवणाऱ्यासाठीच्या) सूचना, चित्र किती इंचांचं करायचं, कुठे छाटायचं, आणि मागच्या शिक्क्यावरून कुठला अंक, कुठलं साल ते कळतं. माझ्याकडे एकदा एक चित्र आलं, फ्रेमवाल्याने माउंटात बसावं म्हणून चारही बाजूंनी छाटलेलं, ते कुठल्या अंकातलं हे शोधायला जुने अंक चाळत माझे तीन महिने गेले (घरचे म्हणायचे रद्दीचं दुकान काढ).

आधी ट्रंकेत जसं आहे त्याच क्रमाने फोटो काढा, मग मागच्या कोपऱ्यात मऊ पेन्सिलीने नंबर. पोस्टर कलर पाण्यात विरघळतो, त्यामुळे ओलं फडकं अजिबात नको, मऊ कोरडा ब्रश चालेल पण रंगाचे पोपडे सुटत असतील तर तोही नको. सेलोटेप ओढू नका, कागदाचा थर घेऊन येते, ते काम कॉन्झर्व्हेटरचं, म्हणजे जुनी चित्रं-कागद दुरुस्त करणाऱ्या तज्ज्ञाचं. स्कॅन पुढून-मागून दोन्ही, ६०० डीपीआय, टिफमध्ये. मग अ‍ॅसिड-फ्री फोल्डरमध्ये आडवी ठेवायची, बाहेरच्या भिंतीला टेकून नाही, पावसाळ्यात तीच आधी ओल धरते. डांबरगोळ्या नकोत, पीव्हीसीच्या फाइली तर नकोतच.

हक्काचं जरा गुंतागुंतीचं आहे. भारतात कॉपीराइट चित्रकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो, म्हणजे दिवाळी अंकांचे प्रसिद्ध चित्रकार दीनानाथ दलाल १९७१ ला गेले, तर त्यांच्या चित्रांचा हिशोब २०३१ संपेपर्यंत जातो. मूळ कागद विकला म्हणून हक्क विकला जात नाही. पण संपादकाने सांगून, पैसे देऊन काढून घेतलेलं चित्र असेल आणि वेगळं काही ठरलेलं नसेल तर हक्क त्याच्याकडेही असू शकतो. त्यामुळे ट्रंकेच्या तळाला जी पोस्टकार्डं, मनिऑर्डरच्या पावत्या असतील ना, त्या रद्दीत टाकायच्या आधी एकदा नीट वाचा, बऱ्याचदा मानधनाचं सगळं त्यातच असतं.