क्वार्टरची पाळी डावलली गेली, तर दाद कुठे मागावी?

प्रश्न : मी ऐरोलीत भाड्याने राहतो आणि मुंबईतील एका सार्वजनिक विद्यापीठात वरिष्ठ लिपिक आहे. कर्मचारी निवासस्थानाच्या प्रतीक्षा यादीत माझे नाव अनेक वर्षे आहे. अलीकडे रिकामी झालेली खोली माझ्यानंतर रुजू झालेल्या सहकाऱ्याला देण्यात आली. कारण विचारले असता ‘प्रशासकीय गरज’ एवढेच तोंडी सांगण्यात आले. वडील आजारी आहेत, रोज ठाण्याला गाडी बदलून कामावर जावे लागते. मला न्यायालयात जाता येईल का?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : जाता येईल. मात्र तुमची अडचण खरी असली, तरी केवळ तिच्या जोरावर हा दावा टिकणार नाही. सेवानिवासस्थान मिळणे हा कर्मचाऱ्याचा मूलभूत हक्क मानला जात नाही; नियमांनुसार आणि आपल्या क्रमाने विचार होणे, हा मात्र त्याचा हक्क आहे. सार्वजनिक विद्यापीठ संविधानाच्या अनुच्छेद 12 नुसार ‘राज्य’ या संज्ञेत मोडते, त्यामुळे अनुच्छेद 14 मधील समानतेचे बंधन त्याच्या वाटप समितीवरही येते.

म्हणून आधी कागद हाती घ्या. माहिती अधिकारात 10 रुपयांचे कोर्ट फी स्टॅम्प लावून वाटपाचे नियम, प्रतीक्षा यादी, समितीच्या त्या बैठकीचे इतिवृत्त आणि नस्तीवरील (फाइलवरील) टिपणी यांच्या प्रती मागा. महाराष्ट्रात हा अर्ज एकाच विषयाचा आणि 150 शब्दांच्या आत असावा लागतो. उत्तराची मुदत 30 दिवसांची असते. यादी मिळाली की ज्येष्ठता कशावरून धरली आहे, हे सर्वप्रथम पाहा. काही ठिकाणी अर्जाची तारीख धरतात, काही ठिकाणी रुजू झाल्याची, तर काही ठिकाणी त्या वेतनश्रेणीत आल्याची. तुमचे सहकारी नंतर रुजू झाले असले, तरी त्यांचा अर्ज आधीचा असू शकतो, आणि तसे असेल तर हा वाद तिथेच संपतो.

पाळी सोडूनच वाटप झाले असेल, तर तशी मुभा देणारा नियम आहे का आणि कारण त्याच वेळी लेखी नोंदवले होते का, हे दोन प्रश्न कळीचे ठरतात. दिल्लीतील केंद्र सरकारी घरांच्या पाळीबाहेरच्या वाटपाबाबत शिव सागर तिवारी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये मनमानीवर कठोर ताशेरे ओढले, आणि अशा वाटपाला 5 टक्क्यांची मर्यादा पुढे आली. ती मर्यादा तुमच्या विद्यापीठाला आपोआप लागू होत नाही, परंतु त्यामागचे तत्त्व निश्चितच मांडता येते. विशेषाधिकार असला, तरी तो कारणाशिवाय वापरता येत नाही.

त्यानंतर कुलसचिवांकडे लेखी निवेदन द्या आणि आपल्या प्रतीवर आवक विभागाचा तारखेसह शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. पुढे विलंबाचा मुद्दा निघाला की हाच शिक्का उपयोगी पडतो. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 खालील तक्रार निवारण समितीकडेही जा. विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण मुख्यतः बडतर्फी, पदावनती अशा अपिलांसाठी आहे, त्यामुळे तिथे वेळ घालवू नये. समितीकडून न्याय मिळाला नाही, तर अनुच्छेद 226 खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. ज्यांना खोली मिळाली, त्या सहकाऱ्यांना त्यात प्रतिवादी करणे आवश्यक आहे, कारण त्यांचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्यांचे वाटप रद्द होणे कठीण. त्यांच्याशी वैर धरण्याचे कारण नाही. आक्षेप समितीच्या निर्णयावर आहे.

प्रश्न : निवृत्तीनंतर क्वार्टर सोडायला मला काही महिने उशीर झाला. विद्यापीठाने उपदान (ग्रॅच्युइटी) अडवून ठेवले आहे. हे योग्य आहे का?
– एक निवृत्त कर्मचारी, कळवा

उत्तर : गोरखपूर विद्यापीठाच्या निवृत्त प्राध्यापकाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये अशी अडवणूक चुकीची ठरवली. निवृत्तिवेतन व उपदान ही कोणाची मेहेरबानी नाही, असे न्यायालयाने त्यात स्पष्ट केले. मात्र 2005 मध्ये ओएनजीसीच्या प्रकरणात नियमांच्या आधारे उपदानातून दंडनीय भाड्याची, म्हणजे मुदतीनंतर राहिल्याबद्दल दंड म्हणून लावलेल्या भाड्याची, वजावट मान्य झाली. त्यामुळे विद्यापीठाकडून वजावटीचा नियम आणि आकारणीचा तपशील लेखी मागवा, आणि खोली अजून ताब्यात असेल तर ती आधी सोडून ताबा पावती घ्या. दंडनीय भाडे त्या तारखेपर्यंतच मोजले जाईल.