वाचकांचे प्रश्न : रक्कम परत भरली, तरी बडतर्फी टिकते का?

प्रश्न : माझा धाकटा भाऊ एका पतसंस्थेत रोखपाल होता. एका ठेवीदाराने भरलेले दोन हजार रुपये त्याने रोजकीर्दीत त्याच दिवशी दाखवले नाहीत. पाचव्या दिवशी स्वतःच भरले. अंतर्गत चौकशी होऊन २०२२ मध्ये त्याला बडतर्फ केले. चौकशीत त्या ठेवीदाराला साक्षीस बोलावलेच नव्हते. फौजदारी खटल्यातून संशयाचा फायदा मिळून तो सुटला आहे आणि कामगार न्यायालयात प्रकरण चालू आहे. एवढ्याशा रकमेसाठी गेलेली नोकरी परत मिळेल ना?

उत्तर : तुमचा भर रकमेवर आहे, आणि तोच मुद्दा सर्वांत दुबळा आहे. पैशाच्या विश्वासावर चालणाऱ्या कामात अपहार सिद्ध झाला, तर रक्कम किती हे गौण ठरते, अशी भूमिका सर्वोच्च न्यायालयाने २००० साली जनता बाजार या सहकारी भांडाराच्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात आणि पुढे बसवाहकांच्या अनेक प्रकरणांत घेतली आहे. औद्योगिक विवाद कायदा, १९४७ (नोव्हेंबर २०२५ पर्यंत लागू) मधील कलम ११-अ नुसार कामगार न्यायालय बडतर्फी रद्द करून सौम्य शिक्षा देऊ शकते हे खरे. पण अपहार शाबीत असताना केवळ सहानुभूतीपोटी हा अधिकार वापरलेला वरच्या न्यायालयात सहसा टिकत नाही. पैसे परत भरले म्हणून झालेले कृत्य पुसले जात नाही. उलट ती भरणा पावतीच संस्था पुरावा म्हणून पुढे करील.

फौजदारी निकालावरही फार विसंबू नका. तेथे गुन्हा निःसंशय सिद्ध व्हावा लागतो, तर खात्याच्या चौकशीत शक्याशक्यतेचे पारडे कोणीकडे झुकते एवढेच पाहतात. दोन्हीकडे तीच घटना, तेच साक्षीदार आणि तोच पुरावा असेल, तर निर्दोष सुटकेला वजन येते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या पॉल अँथनी प्रकरणात १९९९ मध्ये दिसले. संशयाचा फायदा देऊन झालेल्या सुटकेला मात्र तेवढे वजन मिळत नाही.

आता ठेवीदाराच्या साक्षीविषयी. साक्ष झाली नाही, एवढ्यावरून चौकशी कोसळत नाही. रतनसिंग या बसवाहकाच्या प्रकरणात (सर्वोच्च न्यायालय, १९७७) प्रवाशांना न तपासताही त्याच्यावरील आरोप टिकला होता, कारण तपासनिसाची साक्ष उपलब्ध होती. म्हणून प्रश्न असा विचारावा, की ठेवीदाराशिवाय चौकशी अधिकाऱ्यापुढे काय होते? पावतीपुस्तक आणि रोजकीर्द कोणी साक्षीत शाबीत केली, की नुसती फाइलला जोडली? तुमच्या भावाला त्या साक्षीदाराची उलटतपासणी घेऊ दिली का? केवळ पोलिसांच्या कागदांवर किंवा न शाबीत झालेल्या कबुलीवर उभा असलेला निष्कर्ष सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये, एका बँक कर्मचाऱ्याच्याच प्रकरणात, रद्द केला आहे. माझ्या मते तुमच्या दाव्यातला खरा जीव इथेच आहे.

त्याखेरीज, चौकशी अहवालाची प्रत देऊन शिक्षेपूर्वी म्हणणे मांडू दिले होते का, हे तपासा. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९३ च्या करुणाकर निकालाने हा हक्क खासगी आस्थापनांतील कर्मचाऱ्यांनाही दिला. मात्र प्रत न मिळाल्याने बचावाला नेमका कोणता धक्का बसला, हे दाखवावे लागते.

चौकशी न्याय्य होती का आणि निष्कर्ष पुराव्याला धरून आहेत का, हे मुद्दे प्राथमिक म्हणून, म्हणजे बाकीच्या मुद्द्यांआधी, निकाली काढावेत असा अर्ज वकिलांकडून करून घ्या. एक सावधगिरी ठेवा : चौकशी सदोष ठरली तरी भाऊ लगेच कामावर रुजू होईल असे नाही, कारण संस्थेने वेळेत मागणी केली असल्यास तिला आरोप न्यायालयापुढे नव्याने सिद्ध करण्याची संधी मिळते, आणि तेव्हा तो ठेवीदारही साक्षीला येऊ शकतो. पाच दिवस रक्कम कोठे होती, याचे कागदाने दाखवता येणारे उत्तर त्याआधी तयार असले पाहिजे.