वाचक विचारतात : मुकुट मिळाला, पुढे काय?

प्रश्न : बेस मायर्सन ही १९४५ ची मिस अमेरिका. जुन्या चित्रफितींत ती टीव्हीवर सारखी दिसते, सिनेमात मात्र नाही. असं का? (वाचक, वेंगुर्ले)

उत्तर : किताबामागून आले ते व्होडव्हिलचे, म्हणजे गाणी, नकला आणि कसरतींच्या फिरत्या खेळांचे दौरे. मायर्सनबाई हंटर कॉलेजात संगीत शिकलेल्या. स्पर्धेत त्यांनी पियानोवर ग्रीग आणि बासरीवर गर्शविन या संगीतकारांच्या रचना वाजवल्या होत्या. खेळाच्या प्रेक्षकांना पियानोत रस नव्हता, त्यांना बाई पोहण्याच्या पोशाखात बघायच्या होत्या. शिवाय त्या पहिल्या ज्यू विजेत्या. काही प्रायोजकांनी त्यांना जाहिरातीसाठी बोलावलंच नाही. पदरात पडली ती ५,००० डॉलरची शिष्यवृत्ती.

टीव्हीने त्यांना हात दिला. १९५१ पासून 'द बिग पेऑफ'मध्ये त्या मिंक या प्राण्याच्या फरचा कोट मिरवत बक्षिसं दाखवत. इथवर कामाला चेहरा पुरे. १९५८ ला त्यांच्याकडे 'आय हॅव गॉट अ सिक्रेट' या टीव्हीवरच्या खेळाचं काम आलं आणि डोकं लागलं. पाहुण्याचं गुपित त्या आणि आणखी तिघे अशा चौघांनी ओळखायचं. प्रत्येकाला ठरावीक वेळ, आणि जो चुकेल त्याच्यामागे पाहुण्याला २० डॉलर, म्हणजे फार तर ८०. दशावतारातल्या नटासारखं आयत्या वेळी सुचावं लागे. ते त्यांना १९६७ पर्यंत सुचत राहिलं. १९६९ मध्ये न्यूयॉर्कच्या महापौरांनी त्यांना ग्राहक खात्याच्या आयुक्त केलं. दुकानात वजनामागे दर लिहिण्याचा आग्रह त्यांनी तिथे धरला.

प्रश्न : त्या काळी स्पर्धेचं बक्षीस म्हणून स्टुडिओचा करार मिळे, तो कसा असे? माझ्या भाचीलाही एका मालिकेवाल्यांनी कागद पाठवलाय. (वाचक, देवगड)

उत्तर : १९५२ च्या पहिल्या मिस युनिव्हर्समध्ये, कॅलिफोर्नियातल्या लाँग बीचला, युनिव्हर्सल स्टुडिओचा करार बक्षिसात होता. (भारतातर्फे नर्तकी इंद्राणी रहमान तिथे होत्या.) विजेती फिनलंडची आर्मी कुसेला; तिने वर्ष पुरं व्हायच्या आतच लग्न केलं आणि हॉलिवूड सोडून दिलं.

हॉलिवूडचा नेहमीचा करार सात वर्षांचा. पण सात वर्षं बांधली जाई ती नटी, स्टुडिओ नव्हे. दर सहा महिन्यांनी, पुढे वर्षाने, ठेवायचं की काढायचं हे स्टुडिओ ठरवी. पगार बहुधा ५२ पैकी ४० आठवड्यांचा. उरलेले १२ बिनपगारी, आणि त्यातही दुसरीकडे काम करायला परवानगी लागे. भूमिका नाकारली की पगार बंद, आणि तेवढे दिवस मुदतीत वाढत. ही वाढ नटी ऑलिव्हिया डी हॅविलंडच्या खटल्यात १९४४ मध्ये कॅलिफोर्नियाच्या न्यायालयाने मोडून काढली.

भाचीच्या कागदात आधी बघा, मुदत वाढवायचा हक्क एकट्या त्यांचाच आहे का. मग बघा, शूटिंग रद्द झालं तर दिवसाचे पैसे मिळतात का, मुंबईतल्या राहण्याचा खर्च कोण करतो, आणि बाहेरच्या कामाला मनाई किती काळ. 'निर्मात्याला योग्य वाटेल तोवर' असं कुठे लिहिलं असेल, तर तिथे तारीख घालून घेतल्याशिवाय सही नको.