‘नांदी’ म्हणजे नाट्यसंस्थेचं ‘अँथम’ का?

एका हौशी नाट्यसंस्थेने स्वतःचं गीत बसवलं आहे. त्याला ‘अँथम’ म्हणणं जिवावर येतं. मग ‘राष्ट्रगान’ या शब्दाच्या धर्तीवर ‘नाट्यगान’ म्हणावं, की सरळ ‘नांदी’, असा प्रश्न आला आहे.

आधी ‘गान’चं बघू. हिंदीत ‘जन गण मन’ हे राष्ट्रगान आणि ‘वंदे मातरम्’ हे राष्ट्रगीत. मराठीत मात्र ‘जन गण मन’लाच राष्ट्रगीत म्हणतात, बालभारतीच्या पुस्तकातही तोच मथळा असतो. हिंदी मजकूर मराठीत आणताना हे भान सुटलं की एका गीताचं नाव दुसऱ्याला चिकटतं. २०२३ साली ‘जय जय महाराष्ट्र माझा’ स्वीकारलं तेही ‘राज्यगीत’ म्हणूनच. म्हणजे आपला कल ‘गीत’कडे. पण ‘नाट्यगीत’ म्हणाल तर ऐकणाऱ्याला नाटकातलं पद आठवणार. तो शब्द गेलाच.

आता नांदी. मूळ ‘नन्द्’ धातू, आनंद देणं. नाटकाआधीची ही मंगल स्तुती. संस्कृत नाटकांत ती संपल्यावर ‘नान्द्यन्ते सूत्रधारः’ अशी रंगसूचना येते. म्हणजे नांदी त्या-त्या नाटकाची असते, मंडळीची नव्हे. शिवाय रोजच्या मराठीत ‘नव्या पर्वाची नांदी’ म्हणजे सुरुवात. त्यामुळे ‘आमच्या संस्थेची नांदी’ म्हटलं तर लोक स्थापनेची तारीख विचारतील.

तरी प्रश्नकर्त्याच्या मनात नांदी का आली ते मला कळतं. ‘पंचतुंड नररुंडमालधर’ कानावर पडलं की मराठी नाटकवाल्याचे हात आपोआप जुळतात. ती नांदी अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत शाकुंतल’ची, पहिला प्रयोग पुण्यात, ३१ ऑक्टोबर १८८०ला. तिचे शब्द नीट ऐका. आधी पार्वतीश, मग विघ्नेश्वर आणि लगेच ‘कालिदास कविराज रचित हे गानी शाकुंतल रचितो’. एका नाटकाची जाहिरातच आहे ती! पण आज शाकुंतलाचा प्रयोग नसतानाही, नाट्यसंमेलनातसुद्धा, ती गातात, आणि त्या ओळीने कुणी अडखळत नाही. किर्लोस्कर मंडळींची नांदी साऱ्या मराठी रंगभूमीची झाली. शेवटी पूजा बांधली आहे ती रसिकांची, ‘रसिकार्चन करितो’ म्हणून. राष्ट्रगीतात देशाचा जयजयकार असतो. नाटकवाल्यांनी आपली ओळख सांगताना समोर बसलेल्यांना वंदन केलं, याचं मला फार अप्रूप वाटतं.

हा मान त्या नांदीला सव्वाशेहून अधिक वर्षं गाऊन गाऊन मिळाला आहे. नव्या गीताला नाव देऊन तो मिळणार नाही. तेव्हा तुमच्या गीताला ‘संस्थागीत’ म्हणा, आणि त्यात ध्येय सांगितलं असेल तर ‘ध्येयगीत’. पुढे एखाद्या नाटकाआधी ते देवस्तुतीसह गायलात, तर त्या प्रयोगापुरती ती नांदी खुशाल म्हणा.