तुझा कोर्स प्लॅन वाचला

अगं, एफवायच्या अर्थशास्त्राचा तुझा कोर्स प्लॅन काल रात्री वाचला. युनिट, क्रेडिट, ४०-६० चं मार्कांचं गणित, सगळं जागच्या जागी आहे. पण हा डिपार्टमेंटच्या फाइलसाठी लिहिल्यासारखा वाटतोय, पोरांसाठी नाही.

माझंच सांगते. एका वर्षी वर्गात एक अंध मुलगा होता, मी सिलॅबस आणि नोट्स मराठीत टाइप करून पेन ड्राइव्हवर दिल्या आणि आपण मदत केली म्हणून खूश राहिले, तो दीड महिना काहीच बोलला नाही. नंतर कळलं की फाइल जुन्या फाँटमध्ये होती, युनिकोड नव्हतं, आपल्याला मराठी दिसायचं पण आत भलतीच इंग्रजी चिन्हं, त्यामुळे स्क्रीन रीडर, म्हणजे स्क्रीनवरचं वाचून दाखवणारा प्रोग्रॅम, त्याला नुसतं अगम्य काहीतरी ऐकवत होता. सांगितलं का नाहीस विचारलं तर म्हणाला, मॅडम तुम्ही एवढं केलंत, परत कसं सांगू. ते अजून टोचतं मला.

म्हणून युनिकोडमध्येच टाइप कर, झेरॉक्सचा स्कॅन पाठवू नकोस, हेडिंग नुसतं बोल्ड न करता वर्डची हेडिंग स्टाइल दे म्हणजे ऐकणाऱ्याला उडी मारून हव्या त्या युनिटवर जाता येतं. एनव्हीडीए नावाचा स्क्रीन रीडर फुकट मिळतो, कॉम्प्युटरवर टाकून स्वतः ऐक एकदा. मोबाईलवरही उघडून बघ.

तू लिहिलंयस "सवलत हवी असल्यास अर्ज करावा". कोणाकडे, कधीपर्यंत, कुठले कागद? २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकार आहेत, त्यात डिस्लेक्सियासारखे बघून न कळणारेही आलेत, आणि केंद्राच्या सूचनांप्रमाणे परीक्षेत लेखनिक घेणाऱ्याला तासाला किमान २० मिनिटं जादा मिळतात, पण कितीतरी पोरांना हे माहीतच नसतं. तुझ्या टेस्टलाही तेवढा वेळ देणार हे स्पष्ट लिही.

आणि ते ७५ टक्के हजेरीचं ठळक अक्षरातलं वाक्य पहिल्याच पानावर कशाला? एसटी चुकली, टेस्ट बुडली तर काय करायचं ते लिही ना तिथे. मराठी मीडियमची पोरं इलॅस्टिसिटी शब्दालाच घाबरतात गं, बारावीत शिकलेली मागणीची लवचिकताच ती, मग दोन्ही शब्द शेजारी शेजारी दे.

रविवारपर्यंत बदलून पाठव, मी वाचणार नाही, एनव्हीडीएवर ऐकणार आहे.

तुझी मॅडम